गाव, नगर आणि महानगर प्रदेश : शासकीय सांख्यिकीय व्याख्यांची चिकित्सा
(लासलगाव बाजारपेठेच्या विशेष संदर्भात)

बीजशब्द : जनगणना नगर, नागरी समूह, महानगर क्षेत्र, बाजार क्षेत्र, बिगरशेती रोजगार, लासलगाव

प्रस्तावना

एखाद्या वस्तीला गाव म्हणावे की नगर, आणि नगराभोवतीचा किती मुलूख त्या नगराचा मानावा, हा प्रश्न वरकरणी तांत्रिक स्वरूपाचा वाटतो. जनगणना कार्यालयातील अधिकारी तो सोडवतील आणि अभ्यासकांनी तयार कोष्टके वापरावीत, अशी एक सोयीची समजूत आपल्याकडे रूढ आहे. भूगोल, अर्थशास्त्र व समाजशास्त्र या तिन्ही विषयांच्या पदव्युत्तर प्रबंधांत 'ग्रामीण' आणि 'नागरी' हे दोन रकाने गृहीत धरले जातात. ते कसे तयार झाले याची विचारणा क्वचितच होते. वास्तविक या रकान्यांवर निधी, करआकारणी, विकास आराखडा आणि प्रतिनिधित्व अवलंबून असते. प्रस्तुत लेखात भारतातील, विशेषतः महाराष्ट्रातील, नगर व महानगर प्रदेशाच्या शासकीय व्याख्यांची चिकित्सा केली असून त्यासाठी नाशिक जिल्ह्यातील निफाड तालुक्यातल्या लासलगावचे उदाहरण समोर ठेवले आहे.

लासलगावची निवड सहेतुक आहे. १९४७ साली स्थापन झालेली येथील कृषी उत्पन्न बाजार समिती कांद्याच्या व्यवहारासाठी देशभर ओळखली जाते. येथील लिलावात निघालेला दर दिल्लीतील मंत्रालयापासून गल्फमधील आयातदारापर्यंत सर्वांच्या नजरेत असतो. ऑगस्ट २०२३ मध्ये कांद्यावर ४० टक्के निर्यात शुल्क लागले, त्याच वर्षी डिसेंबरमध्ये निर्यातबंदी झाली आणि मे २०२४ मध्ये ती उठली. या प्रत्येक टप्प्यावर वृत्तपत्रांनी पहिला दाखला लासलगावच्या दराचा दिला. किमतींच्या सांख्यिकीत हे ठिकाण एक प्रकारची राजधानीच आहे. परंतु वस्त्यांच्या सांख्यिकीत त्याची प्रतिष्ठा अगदी वेगळी. येथील स्थानिक कारभार दीर्घकाळ ग्रामपंचायतीकडे राहिला. एकाच शासनाच्या दोन नोंदवह्यांत एकाच ठिकाणाची किंमत इतकी भिन्न का असावी, हा या लेखामागील मूळ प्रश्न आहे.

जनगणनेची फूटपट्टी

भारतीय जनगणनेत नागरी वस्ती दोन वाटांनी ठरते. जिथे महानगरपालिका, नगरपालिका, नगरपंचायत किंवा छावणी मंडळ आहे ती 'वैधानिक नगरे'. त्यांच्या बाबतीत लोकसंख्या किंवा व्यवसाय तपासला जात नाही. राज्य शासनाची अधिसूचना पुरेशी असते. उरलेल्या वस्त्यांना तीन निकष लागतात : किमान ५,००० लोकसंख्या, पुरुष मुख्य कामकऱ्यांपैकी किमान ७५ टक्के बिगरशेती व्यवसायात असणे, आणि दर चौरस किलोमीटरला किमान ४०० लोकांची घनता. या तिन्ही अटी पूर्ण करणारी वस्ती 'जनगणना नगर' ठरते. या निकषांची मूळ चौकट १९६१ च्या जनगणनेत अशोक मित्र यांच्या कारकिर्दीत तयार झाली. त्यापूर्वी प्रांतोप्रांतीच्या अधीक्षकांच्या मर्जीवर बरेच काही सोपवलेले असे. नवी फूटपट्टी लावताच १९५१ मध्ये नगर म्हणून नोंदलेल्या सुमारे आठशे वस्त्या १९६१ मध्ये यादीतून गळाल्या. तेथील माणसे, घरे, पेठा जागच्या जागी होत्या. व्याख्या तेवढी बदलली होती.

या निकषांची एक बाजू न्यायबुद्धीने मांडली पाहिजे. दर दशकात व्याख्या बदलत राहिली तर दोन जनगणनांची तुलनाच अशक्य होईल. १९६१ ची चौकट फारसा बदल न करता चालू ठेवल्याने नागरीकरणाची दीर्घ मालिका अभ्यासकांच्या हाती आली, हे तिचे मोठे श्रेय आहे. २००१ मध्ये देशातील २७.८ टक्के आणि २०११ मध्ये ३१.२ टक्के लोक नागरी होते, महाराष्ट्रात हे प्रमाण ४२.४ वरून ४५.२ टक्क्यांवर गेले, ही विधाने त्या सातत्यामुळेच करता येतात. आक्षेप सातत्याला नसून फूटपट्टी ज्या वस्तूला लावली जाते त्या वस्तूच्या आकाराला आहे.

प्रथम घनतेचा निकष पाहू. घनता काढताना भाजक म्हणून महसुली गावाचे संपूर्ण क्षेत्र घेतले जाते. गावठाण नव्हे, शिवार. समजा दोन गावांची लोकसंख्या प्रत्येकी ५,०००, घरांची दाटी सारखी, बाजारही सारखा. एकाचे शिवार १२ चौरस किलोमीटर, दुसऱ्याचे १५. पहिल्याची घनता ४१६ निघते आणि ते निकष ओलांडते. दुसऱ्याची ३३३ निघते आणि ते गावच राहते. इंग्रजी अमदानीत जमाबंदीसाठी आखलेल्या शिवेवर आजचे नागरीकरण ठरावे, हे विचित्र आहे. उलट बाजूने, वस्ती शिवेपलीकडे वाढली तरी सांख्यिकीत ती शिवेवर थांबते. लासलगाव आणि त्याला लागून असलेले पिंपळगाव नजिक यांच्यामध्ये चालणाऱ्या माणसाला हद्द दिसत नाही. कोष्टकात मात्र त्या दोन स्वतंत्र ओळी आहेत. घरे एकमेकांना टेकलेली, पण बेरीज कोणी करायची?

बेरजेची तरतूद आहे, ती म्हणजे 'नागरी समूह'. ही संकल्पना १९७१ पासून वापरात आली. सलग पसरलेली नगरे व त्यांची बाह्यवाढ मिळून नागरी समूह होतो. पण २००१ पासूनच्या अटीनुसार त्यात किमान एक वैधानिक नगर हवे आणि एकूण लोकसंख्या किमान २०,००० हवी. म्हणजे जेथे नगरपालिकाच नाही, तेथे लागून असलेल्या गावांची बेरीज करण्याचा मार्ग मुळातच बंद. वस्तुस्थिती मोजण्याआधी राज्य शासनाने कागदावर मान्यता द्यावी लागते. सांख्यिकीने प्रशासनाला आरसा दाखवावा अशी अपेक्षा असते. येथे आरसाच प्रशासनाची परवानगी मागतो.

बाजाराच्या फाटकातला कांदा

तथापि लासलगावसारख्या ठिकाणी खरी अडचण व्यवसायाच्या निकषात आहे, आणि ती सविस्तर पाहणे आवश्यक आहे.

जनगणना कामकऱ्यांचे चार वर्ग करते : शेतकरी, शेतमजूर, घरगुती उद्योगातील कामकरी आणि इतर. पहिले दोन शेतीतले, उरलेले दोन बिगरशेती. आता कांद्याच्या बाजारातील एक सकाळ डोळ्यांसमोर आणावी. शेतकरी ट्रॅक्टर-ट्रॉली किंवा पिकअप घेऊन आवारात येतो. वाहनातच लिलाव होतो. मापारी तोल करतो, हमाल माल उतरवतात, व्यापाऱ्याच्या खळ्यावर कांद्याची निवड होते, गोल्टी वेगळी काढली जाते, गोण्या भरून शिवल्या जातात, ट्रक किंवा रेल्वेने माल रवाना होतो. फाटकाबाहेर कांदा शेतीमाल होता. फाटकातून आत येताच त्याच्यावरचे काम बिगरशेती झाले. ज्या हमालाची पाठ दोन्हीकडे सारखीच वाकते, तो शेतात गोणी उचलताना शेतमजूर आणि खळ्यावर उचलताना इतर कामकरी. या रेषेला तर्क नाही असे नव्हे. राष्ट्रीय उत्पन्नाच्या हिशेबात उत्पादन आणि व्यापार वेगळे धरावेच लागतात. पण वस्तीचे स्वरूप ठरवण्यासाठी तीच रेषा वापरली की शेतीमालाच्या बाजारपेठेवर जगणारी गावे कायम काठावर राहतात. शेती जितकी समृद्ध तितका बाजार मोठा, आणि शेती जितकी समृद्ध तितके गावात शेतकरी म्हणून नोंदले जाणारे पुरुषही अधिक. हजार पुरुष मुख्य कामकऱ्यांत २६० जण शेती करणारे निघाले की ७४ टक्के होतात आणि बाजारपेठ गाव ठरते. त्यांतल्या दहा जणांनी पुढच्या खेपेस 'वाहतूक' असे उत्तर दिले की ती नगर होते.

याहून गंभीर प्रश्न 'पुरुष' आणि 'मुख्य' या दोन विशेषणांचा आहे. खळ्यावरची निवड व प्रतवारी हे प्रामुख्याने स्त्रियांचे काम आहे. आसपासच्या खेड्यांतून सकाळी टेम्पोत बसून येणाऱ्या, दिवसभर कांद्याच्या ढिगाशी बसणाऱ्या या मजूर स्त्रियांवाचून बाजाराची उलाढाल थांबेल. नगर ठरवण्याच्या गणितात मात्र त्यांची संख्या शून्य धरली जाते, कारण निकष केवळ पुरुषांचा आहे. त्याच्या समर्थनार्थ असे म्हटले जाते की स्त्रियांच्या कामाची नोंद एका जनगणनेतून दुसरीत फार हेलकावते आणि ती धरल्यास वर्गीकरण अस्थिर होईल. नोंद सदोष आहे म्हणून नोंदलेल्या व्यक्तीच वगळाव्यात, असा हा युक्तिवाद आहे. तो मान्य करण्याजोगा नाही. शिवाय वर्षातून सहा महिन्यांपेक्षा कमी काम मिळालेली व्यक्ती 'सीमांतिक' वर्गात जाते आणि निकषाबाहेर पडते. कांद्याचा बाजार हंगामावर चालतो. खरिपाचा कांदा, रांगडा आणि उन्हाळ यांच्या आवकेप्रमाणे कामाचे दिवस वाढतात व घटतात. ज्याचे वर्ष हंगामांत विभागलेले आहे असा पुरुष मजूरही त्यामुळे गणनेतून निसटू शकतो.

आणखी एक बाब. जनगणना माणसाला त्याच्या राहत्या ठिकाणी मोजते. लिलावासाठी आलेला येवल्याचा किंवा चांदवडचा शेतकरी, परराज्यातला ट्रकचालक, शेजारच्या खेड्यातली मजूर स्त्री यांची दिवसाची गर्दी कोणत्याही कोष्टकात उतरत नाही. रस्ते उखडतात, पाणी लागते, सडका कांदा साचतो. हा सगळा भार ज्या संस्थेवर पडतो तिला अनुदान मिळते ते रात्री मुक्कामाला असलेल्या माणसांच्या हिशेबाने. बाजार फी बाजार समितीच्या तिजोरीत जाते, ग्रामपंचायतीच्या नव्हे.

महानगर : तीन रेषा, तीन आकडे

नगराच्या व्याख्येत निकष कठोर आहेत, तर महानगराच्या व्याख्येत ते जवळजवळ नाहीतच. संविधानाच्या ७४ व्या दुरुस्तीने, जी १ जून १९९३ पासून अमलात आली, अनुच्छेद २४३ त मध्ये 'महानगर क्षेत्र' परिभाषित केले. दहा लाख किंवा अधिक लोकसंख्या, एक किंवा अधिक जिल्हे, दोन किंवा अधिक नगरपालिका, पंचायती किंवा लगतची क्षेत्रे, आणि राज्यपालांची जाहीर अधिसूचना. दहा लाखांची अट सोडली तर उरते ते एवढेच की राज्य शासन ज्याला महानगर क्षेत्र म्हणेल ते महानगर क्षेत्र. किती दाटी, किती बिगरशेती रोजगार, किती लोक रोज शहरात ये-जा करतात, यांपैकी काहीही विचारलेले नाही.

परिणाम मुंबईच्या आकड्यांत दिसतो. २०११ मध्ये बृहन्मुंबई महानगरपालिकेची लोकसंख्या १ कोटी २४ लाख होती. ठाणे, नवी मुंबई, कल्याण-डोंबिवली आदी शहरे धरून बृहन्मुंबई नागरी समूह १ कोटी ८४ लाखांचा झाला. मुंबई महानगर प्रदेश मात्र सुमारे २ कोटी २८ लाखांचा. वसई-विरार आणि भिवंडी ही शहरे महानगर प्रदेशात आहेत, नागरी समूहात नाहीत; जनगणनेने ती स्वतंत्र धरली. रोज सकाळी विरारहून चर्चगेटला जाणाऱ्या प्रवाशाला आपण मुंबईच्या नागरी समूहाबाहेरून आलो हे सांगितले तर तो हसेल. पुढे २०१९ मध्ये मुंबई महानगर प्रदेशाची हद्द पालघर व रायगड जिल्ह्यांत आणखी वाढवण्यात आली आणि सुमारे ४,३५५ चौरस किलोमीटरचा प्रदेश सहा हजारांवर गेला. एका निर्णयाने शेकडो गावे महानगर प्रदेशात आली. तेथे भातशेती होती तशीच राहिली. जनगणना त्यांना गाव म्हणते, नियोजन त्यांना महानगर म्हणते.

नाशिकचेही याहून निराळे नाही. २०११ मध्ये नाशिक महानगरपालिकेची लोकसंख्या १४ लाख ८६ हजार आणि नागरी समूहाची १५ लाख ६१ हजार होती. त्यानंतर राज्याच्या महानगर प्रदेश विकास प्राधिकरण अधिनियम, २०१६ खाली नाशिकसाठीही स्वतंत्र प्राधिकरण आले आणि भोवतीच्या तालुक्यांतील गावे त्याच्या कक्षेत गेली. ही कक्षा बांधकामाचा दाब कोठे येईल या अंदाजाने आखली जाते. नियोजनाच्या दृष्टीने ते समजण्यासारखे आहे. परंतु ज्या प्रदेशाला सांख्यिकीय आधारच नाही, त्याच्या प्रगतीचे मोजमाप कशाने करणार, हा प्रश्न उरतो. पंधराव्या वित्त आयोगाने २०२१-२६ या काळासाठी दहा लाखांवरील शहरांना वेगळा निधी सुचवला तो जनगणनेचा नागरी समूह एकक धरून; प्राधिकरणाची हद्द धरून नव्हे. हद्द एकाची, निधीचे एकक दुसऱ्याचे.

येथे अमेरिकेची पद्धत तुलनेसाठी उपयुक्त ठरते. तेथे १९४९ पासून महानगर सांख्यिकी क्षेत्रे अध्यक्षांच्या अर्थसंकल्प कार्यालयामार्फत ठरवली जातात. किमान ५०,००० लोकसंख्येचा गाभा घेतात आणि शेजारच्या ज्या कौंटीतील किमान २५ टक्के नोकरदार गाभ्याच्या कौंटीत कामाला जातात ती जोडतात. २००३ पासून १०,००० ते ५०,००० च्या गाभ्याभोवतीही लहान प्रतीची सांख्यिकी क्षेत्रे धरली जातात. म्हणजे लासलगावच्या आकाराच्या बाजारपेठांनाही स्वतःचा प्रदेश असू शकतो, हे तत्त्व तेथे मान्य आहे. ही पद्धतही निर्दोष नाही. कौंटी हा मोठा व ओबडधोबड घटक आहे. २०२१ मध्ये गाभ्याची मर्यादा एक लाख करण्याचा प्रस्ताव आला तेव्हा १४४ क्षेत्रे दर्जा गमावणार होती. आकडे केवळ सांख्यिकीसाठी आहेत असे ते कार्यालय सांगत असतानाही लहान शहरांनी निधी जाईल म्हणून विरोध केला आणि प्रस्ताव मागे पडला. व्याख्या कोठेच निव्वळ सांख्यिकीय राहत नाही.

भारतात ये-जा हा निकष लावायचा म्हटले तरी माहिती नाही. २०११ च्या जनगणनेत 'इतर कामकरी' वर्गाला कामाचे अंतर व प्रवासाचे साधन विचारले होते. माणूस कोणत्या गावाला कामाला जातो, हे त्यातून कळत नाही. शेतमजूर तर या प्रश्नातूनच वगळलेले. दहा किलोमीटर टेम्पोने जाणारी व्यक्ती लासलगावला गेली की विंचूरला की पिंपळगाव बसवंतला, हे अंतराच्या कोष्टकातून कोणी सांगू शकणार नाही.

प्रदेश आधीच अस्तित्वात आहे

या चर्चेत एक गोष्ट दुर्लक्षित राहते. लासलगावभोवतीचा प्रदेश शासनाला माहीत नाही असे नाही. शासनाच्याच इतर खात्यांनी तो आखलेला आहे. १९६३ च्या कृषी उत्पन्न पणन कायद्यात 'बाजार क्षेत्र' ही संकल्पना आहे, आणि लासलगाव समितीचे निफाड व विंचूर येथे उपबाजार आहेत. पाण्याच्या बाबतीत लासलगाव-विंचूरसह सोळा गावांची एकत्र पाणीपुरवठा योजना आहे. नळाने जे प्रदेशपण ओळखले ते जनगणनेने ओळखलेले नाही.

मराठी भूमीवर या दिशेने विचार झाला नव्हता असेही नाही. धनंजयराव गाडगीळ यांनी गोखले अर्थशास्त्र संस्थेत पुण्याचे सामाजिक-आर्थिक सर्वेक्षण केले. इरावती कर्वे व जयंत रानडिवे यांनी १९६५ मध्ये फलटण व त्याच्या परिसराचा अभ्यास प्रसिद्ध केला. पुढे कर्वे व हेमलता आचार्य यांचा आठवडे बाजारांवरील अभ्यास १९७० मध्ये आला. वाढते नगर आणि भोवतालची खेडी एकाच अभ्यासात घ्यावीत, ही भूमिका तेथे स्पष्ट आहे. महाविद्यालयीन संशोधनाने हा धागा पुढे नेला असता तर आज तालुक्यागणिक बाजारप्रदेशांचे नकाशे उपलब्ध असते. त्याऐवजी बहुतांश लघुशोधप्रकल्प जनगणनेच्या पुस्तिकेतील टक्केवारी उतरवून थांबतात.

दुसरीकडे जागतिक संस्था उपग्रहाधारित उपाय सुचवतात. संयुक्त राष्ट्रांच्या सांख्यिकी आयोगाने मार्च २०२० मध्ये मान्य केलेल्या पद्धतीत एक चौरस किलोमीटरचे चौकोन घेऊन घनता पाहिली जाते. दर चौकोनात ३०० लोक आणि सलग समूहात ५,००० लोक असले की तो नागरी समूह. यात शिवारामुळे होणारा अन्याय दूर होतो, पुरुष-स्त्री हा भेदही राहत नाही. जागतिक बँकेच्या अशाच एका निर्देशांकाने २०१० मधील भारताचे नागरी प्रमाण सुमारे ५५ टक्के काढले होते. पण घनता हेच सर्वस्व मानले की गंगेच्या खोऱ्यातील दाट शेतीची खेडी नगरे ठरतात, आणि बाजार नावाची गोष्ट चौकोनात दिसतच नाही. व्यवसायाचा निकष सदोष आहे म्हणून तो टाकून देणे हा उपाय घाईचा आहे.

दर्जाचे व्यवहार

जनगणना नगरांची संख्या २००१ मध्ये १,३६२ होती, ती २०११ मध्ये ३,८९४ झाली. कन्हू चरण प्रधान यांनी २०१३ मध्ये इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकलीतून दाखवले की त्या दशकातील नागरी वाढीपैकी सुमारे ३० टक्के वाढ या नव्या नगरांच्या पुनर्वर्गीकरणातून आली. यांतील बहुसंख्य ठिकाणी कारभार ग्रामपंचायतीचाच. हा दोष एकट्या शासनाचा मानणे सोपे आहे. नगरपंचायत झाली की घरपट्टी वाढते, बांधकामाला परवानगी लागते आणि ग्रामीण रोजगार व घरकुलाच्या योजना हातातून जातात. त्यामुळे गावातूनही विरोध होतो. शेतमजुराचा विरोध आणि बिनशेती भूखंड पाडणाऱ्याचा विरोध एकाच सभेत एकाच आवाजात निघतो, पण दोघांची कारणे अगदी निराळी असतात.

२०१५ च्या सुमारास राज्यात तालुक्याच्या ठिकाणच्या ग्रामपंचायतींना नागरी दर्जा देण्यात आला, तेव्हा निफाड नगरपंचायत झाले. तेथे निकष तालुका मुख्यालयाचा होता. संविधानाच्या अनुच्छेद २४३ थ मध्ये लोकसंख्या, घनता, महसूल, बिगरशेती रोजगार आणि आर्थिक महत्त्व पाहावे असे म्हटले आहे. कचेरी पाहावी असे म्हटलेले नाही. मोठा बाजार असलेले लासलगाव त्या फेरीत मागे राहिले आणि तहसील असलेले निफाड पुढे गेले.

कोरोनामुळे २०२१ ची जनगणना लांबली. १६ जून २०२५ च्या अधिसूचनेने तिच्यासाठी १ मार्च २०२७ हा संदर्भ दिनांक ठरवला आहे. मार्च महिन्याच्या आरंभी लासलगावात रांगड्याची आवक असते आणि उन्हाळ कांदा काढणीला आलेला असतो. प्रगणक सकाळी घरोघर जाईल तेव्हा निवडीला जाणाऱ्या स्त्रिया टेम्पोतून निघून गेलेल्या असतील. त्यांच्या कामाबद्दलच्या प्रश्नाचे उत्तर घरी असलेला माणूस देईल.